माझा गुप्त आकडा चार

"सपना, माझा गुप्त आकडा चार! तुझा?"

लॅबच्या या टोकाहून मंगेश ओरडला. त्या टोकाहून सपनानं तितक्याच आपुलकीनं उत्तर दिलं, "तीन!"

मध्ये खुर्ची टाकून बसलेल्या एक्स्टर्नल सरांनी, म्हणजे बाहेरून आलेल्या परीक्षकांनी, कागदावर काहीतरी खरडलं. "तुमची सिक्रेट की अठरा. चोराला मिळाली."

मी कपाळाला हात लावला. या पोरांना क्रिप्टोग्राफी आणि नेटवर्क सिक्युरिटी मीच शिकवते.

प्रॅक्टिकल साधं होतं. दोघांनी मनात एकेक आकडा धरायचा, तो कुणालाच सांगायचा नाही. त्यावर गणित करून आलेलं उत्तर तेवढं मोठ्यानं सांगायचं. समोरच्याचं उत्तर घेऊन आपल्या आकड्यानं पुन्हा गणित केलं की दोघांची गुप्त किल्ली, म्हणजे ‘की’, एकच निघते, आणि मधल्या चोराला पत्ता लागत नाही. चोर म्हणजे एक्स्टर्नल सर. मंगेशचा हा शेवटचा बॅकलॉग, म्हणजे मागे राहिलेला विषय. कोरपन्याकडच्या सिमेंट प्लांटमधली नोकरी त्यावर अडलेली.

मी हातापाया पडले. सर म्हणाले, "माझा चहा येईपर्यंत वेळ देतो. मग नवे आकडे."

मंगेशला व्हरांड्यात ओढलं. "काऊन सांगितलं रे?"

"सोल्युशनमध्ये तसंच आहे ना मॅडम!" त्यानं पान दाखवलं. डावीकडे एकाचा गुप्त आकडा, उजवीकडे दुसऱ्याचा. "अन् सपना आमच्या जिवती गावचीच आहे. तिच्यापासून काय लपवू मी?"

सोल्युशन लिहिणाऱ्याला दोघांच्याही मनातलं ठाऊक असतं. आमच्या पठ्ठ्यानं पान घोकलं, पण आपण त्यातले कोण हे विचारलंच नाही. मी पान उभं दुमडलं.

"तू फक्त डावीकडचा. आधी ही बाजूही हातानं झाकून स्वतः सोडव. अडलास तर एकच ओळ उघड."

घाम पुसत त्यानं सोडवलं. आत गेल्यावर दोघांनी फक्त उत्तरं ओरडून सांगितली. दोघांची की जुळली. मी श्वास सोडणार, तेवढ्यात सर लाडानं म्हणाले, "शाब्बास! आकडा कोणता धरला होता रे?"

आमच्याकडे पाहुण्या माणसानं विचारलं आणि सांगितलं नाही, असं होत नाही. मंगेशनं छताकडे पाहिलं. मग नुकताच आलेला कप उचलला.

"सर, चहा घ्या."

पास झाला. परवा नव्या वर्गातल्या मुलांना घेऊन त्याच्या प्लांटवर गेले, तर मंगेशसाहेब नेटवर्क सांभाळत बसलेले. मी सहज वाय-फायचा पासवर्ड विचारला. त्यानं लगबगीनं खुर्ची पुसली.

"मॅडम, चहा घ्या."

रागही आला, छातीही फुगली. सोल्युशन जरूर पाहावं, पण अर्धं पान झाकून. पोरं खरंच शिकतात, आणि मग शिकवणारीला चहावर भागवावं लागतं.