उरवार

आमच्या बंधुराजांना छापखान्यात सगळे ‘तेरावा’ म्हणायचे. दुष्काळातला तेरावा महिना, तोच. ते टिंगल करायचे आणि ह्याला वाटायचं, आपला गौरव चाललाय. कारण ह्याने खरोखरच तेरा महिन्यांचं वर्ष काढलं होतं, कुठल्याशा दोन चंद्रांच्या देशाचं. तो देश कुठे आहे? ह्याच्या टाळक्यात. तिथे माणसं किती? एकही नाही. पण तिथे आज तारीख कोणती, हे त्याला झोपेतून उठवून विचारा, धडाधड सांगेल.

नोकरी मुद्रितं तपासायची. एकतीस वर्षं दुसऱ्यांच्या कॅलेंडरांतल्या चुका धरल्या आणि घरी आला की खोलीचं दार लावून स्वतःचं कॅलेंडर. आठवडा आठ दिवसांचा. धाकटा चंद्र थोरल्याच्या आड गेला की महिना बदलायचा. वर्षाच्या शेवटी एक दिवस मोजायचाच नाही, त्या दिवशी म्हणे तो अख्खा देश श्वास रोखून बसतो. बसेना का बापडा! भिंतीवर पुठ्ठ्याची पाटी होती, तिच्यावरचं तारखेचं पान रोज सकाळी बदलायचं, आणि त्या न मोजायच्या दिवशी पानाला हात लावायचा नाही. समोर दूध उतू गेलं तरी जागचा हलणार नाही, पण ते पान कधी चुकलं नाही.

वहिनी गेली तेव्हा पोरगी तीन वर्षांची. वाढवली मी, खालच्या मजल्यावर. हा बाप म्हणजे शाळेच्या फॉर्मवर सहीपुरता.

आणि खरं सांगायचं तर ह्या खुळाची सुरुवात पोरीनेच केली. सात वर्षांची होती. छापखान्याचा हंगाम, रविवारीसुद्धा बाप घरी नाही. तेव्हा ती म्हणाली होती, “बाबा, एक वार जास्तीचा करा ना. तुम्ही घरी असाल असा.” ह्याने केला. सात वार झाल्यावर जो उरतो, तो उरवार. माझ्या बाबांनी माझ्यासाठी वार केलाय, असं पोरगी गल्लीभर सांगत हिंडली. मला वाटलं, चला, दगडाला पाझर फुटला एकदाचा. कसलं काय! वार वाढला म्हणून महिने हलले, महिने हलले म्हणून चंद्र आणावे लागले, आणि उरवारच्या संध्याकाळी हा खोलीत, आतून कडी. पोरगी बाहेर उभी राहून विचारायची, आज उरवार आहे ना? आतून उत्तर यायचं, हो, म्हणून तर काम उरकून घेतोय. वर्षभर उभी राहिली ती त्या दाराशी. मग एका उरवारी गुपचूप खाली आली आणि माझ्याबरोबर भाजी निवडायला बसली.

ती शिकली, दुसऱ्या शहरात नोकरीला लागली, भाड्याच्या खोलीत राहू लागली. यंदा तिला परदेशातलं काम मिळालं, आणि पाच वर्षं येता येणार नाही असा करार होता. तिने बापाकडे एकच गोष्ट मागितली, मला विमानतळावर सोडायला या. आवराआवरीला मी आठवडाभर आधी निघाले तेव्हा ह्याला म्हटलं, चल माझ्याबरोबर. तर म्हणे, तिला द्यायला पुढच्या पाच वर्षांचं कॅलेंडर बांधतोय, थोडं राहिलंय. सोळा तारीख, सकाळी अकराला खोलीवरून निघायचं, असं मी दहादा बजावलं. हो हो करत ह्याने सोळा तारीख आपल्या महिन्यात बदलून वहीत टिपून ठेवली. निवृत्त झाल्यापासून ह्याने घरातलं साधं कॅलेंडर उतरवलं होतं, पेपर बंद केला होता, आणि काम करताना फोन बंद करून कपाटात.

सोळा तारखेला पोरगी साडेअकरापर्यंत जिन्यात बसून होती. टॅक्सीवाला खालून हॉर्न वाजवत होता. पंधरा वेळा फोन लावला, बंद. शेवटी उठली.

“आत्या, आले तर त्यांना सांग, उरवार काढून टाका म्हणावं.”

एवढंच बोलली आणि बॅग स्वतः उचलून उतरली. मी गेले सोडायला. विमानतळाच्या आत शिरताना तिने मागे वळून पाहिलं, ते माझ्याकडे नाही, माझ्या मागच्या रस्त्याकडे.

दुसऱ्या दिवशी घरमालकिणीला किल्ली द्यायची म्हणून मी तिची रिकामी खोली झाडत होते. बरोबर साडेदहाला महाराज दारात हजर. इस्त्रीचा सदरा, गुळगुळीत दाढी, काखेत कापडी बांधणीची जाडजूड वही. तोंडभर हसून विचारतोय, अजून अर्धा तास आहे ना, कुठे आहे ती?

काल गेली, मी म्हटलं.

तो आधी उघड्या भिंतींकडे बघत राहिला, मग बोटांवर मोजायला लागला. मग कळलं. मी तिकडून निघाल्यावर त्याची वर्षअखेर आली होती. तो न मोजायचा दिवस नेमाने मोजला नाही, पान बदललं नाही, पण माझी सोळा तारीख बदलून घेताना तो धरायचा राहिला, म्हणून ह्याची सोळा उजाडली आमच्या सतराला. आणि पहाटे घरून निघताना पाटीवर उरवार बघून गडी खूश, की पोरगी नेमकी आपल्या वारी निघतेय. कपाळावर हात मारला मी. जगाच्या तारखा तपासणाऱ्याला पोटच्या पोरीची एक तारीख सांभाळता आली नाही, हे त्याला तोंडावर सांगितलं, आणि आणखीही बरंच.

त्याने विचारलं, काही निरोप ठेवलाय का? मी दिला, शब्दन् शब्द. दयाबिया काही आली नाही मला, खोटं कशाला बोलू?

तो भिंतीला टेकून खाली बसला. वही उघडली, पहिलं पान पाहिलं, दुसरं पाहिलं. मग म्हणाला, “उरवार काढला तर सगळे महिने पुन्हा मांडावे लागतील.”

“मांड,” मी म्हटलं. “आता दाराशी कोणी उभं नाही.”