हळदीच्या जात्यासाठी घेतलेली फळी

चाळिशीत मी जी बाई होते, ती आज मला वडवणीच्या बाजारात भेटली तर मी तोंडाला पदर लावून हसेन. दिसायला बरी होती, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण डोक्याने अगदीच हलकी. घरात गॅस आला, रंगीत टीव्ही आला, दळण गिरणीत जायला लागलं, तशा तिच्या कमरेला वळ्या पडायला लागल्या. दुपारी टीव्हीवर एक पट्टा दाखवायचे. तो पोटाला बांधायचा, बटण दाबायचं आणि स्वस्थ बसायचं. चरबी आपोआप वितळणार. लोणीसुद्धा चुलीवर ठेवल्याशिवाय कढत नाही हे जिला पक्कं ठाऊक होतं, त्या बाईला हे पटलं!

पट्टा आला. तो बांधून ती बाजेवर बसायची आणि थरथरत शेंगा खायची. आमचे हे शेतातून आले की विचारायची, "अ-अ-अहो, च-च-चहा ठेवू का?"

हे दारातच थांबायचे. "आधी तुझी थंडी तर जाऊ दे," म्हणायचे.

पट्ट्याने पोट गेलं नाही, शेंगांची पाटी मात्र गेली. तरी तिची अक्कल काही ठिकाणावर आली नाही. बीडला राहणाऱ्या थोरल्या जावेकडे तिने जागच्या जागी चालणारी सायकल पाहिली आणि महिनाभर घरात तोंड फुगवलं. सायकल घेतली. कशासाठी? तर जावेकडे आहे म्हणून. लुगडं नेसून ती त्यावर बसली, पायडल मारलं आणि निऱ्या चाकात गेल्या. पुढे निऱ्या खोचून, घाम गाळून ती पाय मारायची तर हे अंगणातून ओरडायचे, "कुठवर गेलीस? मांजरसुंबा आला असंल तर चहा पिऊन ये!" चार दिवसांत प्रवास संपला. मग त्या सायकलीच्या दांड्याला मी लसणाच्या जुड्या टांगल्या. लसूण छान वाळला, खोटं कशाला बोलू.

हे सगळं आठवायचं कारण म्हणजे परवाच झालेलं नातीचं, म्हणजे लेकाच्या लेकीचं, लग्न. खरं तर लग्न नव्हे, त्याच्या आधीची हळद.

आमच्या घरात लग्नाची हळद विकत आणत नाहीत, जात्यावर दळतात. जात्याला आंब्याची पानं आणि हळकुंड बांधायचं, पूजा करायची आणि पहिली मूठ आजीने टाकायची. जातं मध्ये, एका अंगाला आजी, समोर नवरी. दोघींनी एकच खुंटा धरून जातं फिरवायचं आणि आजीने ओवी म्हणायची. मग बाकीच्या सुवासिनी. माझ्या लग्नात माझ्या आजीने हे केलं होतं. तिचा खरखरीत हात माझ्या हातावर होता, तेवढंच त्या दिवसातलं मला धड आठवतं; नवरा कसा दिसत होता तेही आठवत नाही. (हे वाचून आमचे हे रुसतील. रुसू देत.)

दिवाळीनंतर नातीची सोयरीक जमली. लग्न उन्हाळ्यात, इथेच गावात. घरात आनंदीआनंद, आणि मी मात्र येता-जाता जात्याकडे बघायचे. कारण जमिनीचं आणि माझं बोलणं कधीच बंद झालं होतं. जेवायला टेबल, पूजेला चौरंगाशेजारी खुर्ची, भाजी निवडायला सोफा. गेली कित्येक वर्षं मी खाली बसले नव्हते. शेवटची बसले होते तेव्हा मला उठवायला दोन माणसं लागली, आणि तिसरं हसायला.

मी कुणाला काही बोलले नाही. पण लेकाने ओळखलं. जेवताना म्हणाला, "आई, हळदीची काळजी करू नको. जातं टेबलावर मांडू, तू खुर्चीवर बस."

"आन नवरीला काय स्टुलावर उभी करतूस?"

"तसं करू."

"मग बटण बी बसव त्याला. मिक्सरच झाला की!"

सगळे हसले, मीही हसले. पण रात्री अंथरुणावर पडले तरी टेबलावरचं जातं, त्याच्याभोवती वाकलेल्या बाया, आणि खुर्चीतून लांबवलेला माझा हात खुंट्याला जेमतेम टेकलेला, असलं चित्र डोळ्यांपुढून हलेना. नात पुण्याला जाणार. तिला माझं काही आठवायचं असेल तर ते हे नको.

दुसऱ्या दिवशी डॉक्टरीणबाईंकडे गेले. त्यांनी गुडघे वाकवून पाहिले. झीज आहे म्हणाल्या, पण वयाच्या मानाने बरे आहेत. मांड्यांतलं बळ मात्र न वापरल्यामुळे गेलंय. हळूहळू उठबस वाढवा, धरायला काहीतरी जवळ ठेवा आणि दुखलं की तिथेच थांबा.

नोकरीला बाहेरगावी असलेल्या नातीला फोनवर सांगितलं तर ती म्हणाली, "आज्जी, मी तुला चालायची मशीन पाठवते. माझ्या मैत्रिणीच्या आईला लई फायदा झाला."

"तिला काय करायचं व्हतं?"

"बारीक व्हायचं होतं."

"मला बसायचं हाय, बाई. चालून मी बसायला कशी शिकू?"

मशीनचं तिथेच राहिलं. हा प्रश्न त्या पट्टावाल्या बाईला उभ्या जन्मात सुचला नव्हता. म्हैस घ्यायला गेलं की आम्ही दहा गोष्टी विचारतो. दूध किती हे तर कुणीही विचारेल. आपल्या दावणीला चारा किती, धार कोण काढणार, लाथ मारते का, हेही बघतो. आणि मशीन घेताना टीव्हीतल्या पोरीची कंबर बघतो!

म्हणून या वेळी मी म्हैस घ्यायला निघाल्यासारखी बीडला निघाले. सोबत हे. दुकान मोठं, आरशांनी भरलेलं. ज्या दिशेला बघावं तिकडे मीच. दुकानदार तरुण, दंड फुगलेले. त्याने आधी चालायची मशीन दाखवली. मी चप्पल काढून, नमस्कार करून वर चढले. सवयच तशी, पाय लावायचा तर आधी हात जोडायचे. पट्टा सरकायला लागला तशी मी दांडा घट्ट धरला.

"लाईट गेली तर?" मी विचारलं.

"थांबतं, आजी."

"आमच्याकडं मग थांबल्यालंच राहील."

मग हात ओढायची, पाय ढकलायची, झोपून दांडा उचलायची, अशी एकेक यंत्रं त्याने दाखवली. प्रत्येकापुढे मी एकच विचारी, "यानं मला भुईवर बसता येईल का?" तो बिचारा प्रत्येक वेळी म्हणे, "याने ताकद येते, आजी." ताकद येते, पण बसता येतं असं काही तो म्हणेना. माणूस प्रामाणिक होता.

कोपऱ्यात एक फळी पडली होती. लांबट, वर खरबरीत रबर, खाली दोन्ही बाजूंना ठोकळे. ठोकळे घातले की उंच, काढले की बुटकी. पोरी गाण्यावर तिच्यावर चढ-उतार करतात म्हणे. मी विचारलं, "आणखी ठोकळे मिळतात का?" मिळत होते. त्याने रचून दाखवले. मी भिंतीला टेकवून हलवून पाहिली, डगमगली नाही, आणि सरळ तिच्यावर बसले.

"आजी, ते बसायचं नाही, चढायचं हाय!"

"तू चढ बाबा. मला उतरायचं हाय."

खुर्चीपेक्षा वीतभर खाली होते. भिंतीला हात लावून उठले. पुन्हा बसले. यांना म्हणाले, "तुमी बसून बघा." हे ऐटीत बसले आणि तिथेच राहिले. दुकानदाराने एक हात धरला, मी दुसरा. उठल्यावर धोतर झटकत म्हणाले, "घिऊन टाक. घरात दोघं हायेत."

घरी ती फळी खिडकीखाली भिंतीला लावून ठेवली. गज धरून बसायचं, गज धरून उठायचं. मग गज न धरता. अंगवळणी पडलं की दोन्हीकडचा एकेक ठोकळा काढायचा. तो काढताना मला असा आनंद व्हायचा की शेजारणीला बोलावून दाखवावंसं वाटे. एकदा बोलावलंही. ती म्हणाली, "वहिनी, एवढ्या उठाबशा काढायला शाळेत काय चुकवलं व्हतं?"

सगळं सुरळीत चाललं होतं असं समजू नका. शेवटच्या ठोकळ्यांवर गाडी अडली. एका दुपारी घर रिकामं पाहून मी घाई केली, ठोकळेच काय फळीच बाजूला सारली आणि गज धरून भुईवर बसले. बसले झोकात. उठायला गेले तर उठता येईना. गजाला हात पुरेना. इकडून रेटा दिला, तिकडून रेटा दिला; नुसती गोल फिरले. हसू यायला लागलं, आणि हसताना पाय आणखीच लुळे पडतात.

तेवढ्यात सून आली. "आत्याबाई, भुईवर कशापायी बसलात?"

"तुरी निवडते."

"तुरी कुठं हायेत?"

ती आत गेली, सुपात तुरी घेऊन आली आणि माझ्याशेजारी मांडी घालून निवडायला लागली. मीही लागले. अर्ध्या तुरी निवडून झाल्यावर सुपाकडे बघतच म्हणाली, "हात दिऊ का?"

"न्हाई."

"मग रांगत्या लेकरावानी उठा. आधी वळून गुडघ्यांवर या, हात भुईला टेका, एक पाऊल म्होरं घ्या. तुमचा नातू असाच उठायचा."

गोधडीची घडी तिने गुडघ्यांखाली सरकवली. मी वळले, टेकले, पाऊल पुढे घेतलं आणि उठले. सासू म्हणून इतकी वर्षं मी तिला शिकवलं, त्यात इतक्या कामाचं काही होतं का, याचा विचार मी मुद्दामच केला नाही. त्या दिवसापासून मात्र रोज दुपारी आम्ही दोघी भुईवर. तुरी संपल्या, मूग संपला, घरातलं एकही धान्य निवडायचं राहिलं नाही.

हळदीच्या सकाळी अंगणात मांडव, पोतं अंथरलेलं, वर जातं. लेक खुर्ची घेऊन उभाच होता. मी म्हणाले, "ती तुझ्या बापाला दे," आणि पोत्यावर बसले. नात समोर बसली. तिने खुंटा धरला, मी तिच्या हातावर हात ठेवला, हळकुंडाची पहिली मूठ टाकली. जातं घुरघुरलं, आणि माझ्या तोंडून ओवी आली ती अशी:

नात माझी चालली गं, पुण्याच्या गावाला,
फोन तेवढा लावीत जा, म्हातारीच्या नावाला.

नात हसली, रडली, पुन्हा हसली. पिवळं पीठ तिच्या मनगटावर, माझ्याही. जातं जड होतं, पण दोन हात होते.

आमचं झालं. आता बाकीच्यांना जागा करून द्यायची होती. चार बाया माझ्या काखेत हात घालायला धावल्या. मी म्हणाले, "सरका जरा." वळले, गुडघ्यांवर आले, हात टेकले, पाऊल पुढे घेतलं आणि त्या भरल्या मांडवात उभी राहिले. सुनेने माझ्याकडे पाहिलं नाही, ती जात्यातली हळद सारखी करत होती. पण हसू दाबताना तिचे गाल वर चढलेले मला दिसले.

माझ्यामागून सुनेची आई बसली, माझी विहीण, माझ्याहून पुष्कळ लहान. तिने दळलं आणि मग तशीच बसून राहिली, हळदीचं कौतुक करत. मी ओळखलं. वाकून हळूच विचारलं, "विहीणबाई, उठायचं हाय का?"

"उठायचं तर हाय," ती कानात म्हणाली, "पर लोकं बघत्यात हो."

म्हणून मी पुन्हा तिच्याशेजारी खाली बसले आणि मोठ्याने दुसरी ओवी सुरू केली, म्हणजे सगळ्यांना वाटावं आम्हाला अजून दळायचंच आहे.