चार शनिवार आणि एक झोपलेला पांडा

बस झाडायला घेतली की सीटच्या फटीतून चिवडा निघतो आणि माझ्या डोक्यातून किस्से. दोन्ही संपत नाहीत. आमचा ड्रायव्हर कार्लोस म्हणतो, चिवडा घरी ने, किस्से इथेच ठेव. मी बरोबर उलटं करते.

आधी एवढं सांगते, म्हणजे पुढे अडणार नाही. ॲन आर्बरचं कॉलेज मी दोन वर्षांत सोडलं. बाबा तिकडे घरी, नेपरव्हिलच्या मित्रमंडळींत सांगतात की मुलगी 'ब्रेक'वर आहे. ब्रेकवरची ही मुलगी जर्सी सिटीत दिलीपकाकांच्या टूर कंपनीत गाइड आहे. काका सख्खे नव्हेत, बाबांचे मित्र. आमचं गिऱ्हाईक ठरलेलं : मुलाकडे सहा महिने राहायला आलेले आईवडील. मुलं पाच दिवस ऑफिसात राबतात आणि शनिवारी आईबाबांना माझ्या बसमध्ये बसवून घरी झोपा काढतात.

या लोकांना वॉशिंग्टनच्या झूमध्ये पांडा दाखवायला न्यायचं, ही आयडिया माझी. काका म्हणाले, "आपल्या लोकांना अस्वल काय दाखवतेस? बरं, चार शनिवार देतो. चौथ्याला मी स्वतः येणार. पांडा जागा दिसला तर टूर चालू. नाही तर बंद, आणि तू जानेवारीत परत कॉलेजला. तुझ्या बाबांशी बोलणं झालंय माझं."

माझ्या आयुष्याचं ठरलं, आणि मला कळवलं सगळ्यांत शेवटी!

"चालेल," म्हटलं. डोक्यात एकच. पांडा जागा दाखवणार म्हणजे दाखवणार!

*

पहिला शनिवार. सगळ्यांत पुढच्या सीटवर पाटबंधारे खात्यातून रिटायर झालेले एक काका. मी माइकवर सांगत होते की पांडा दिवसभर बांबू खातो आणि उरलेल्या वेळात झोपतो. काकांनी मध्येच विचारलं, अख्ख्या बसला ऐकू जाईल असं.

"बेटा, शिक्षण काय तुझं?"

"सोडलं."

"अगं, म्हणजे गाइड होण्यासाठी शिक्षण सोडलं?"

"नाही काका. सोडलं म्हणून गाइड झाले."

"अरेरे! आमचा मुलगा बघ. एवढ्या मोठ्या बँकेत आर्किटेक्ट. सॉफ्टवेअरचा हं, इमारतींचा नव्हे."

"छान! आज तो का नाही आला तुमच्याबरोबर?"

वाटेतलं डेलावेअर राज्य संपेपर्यंत बसमध्ये कोणी काही बोललं नाही. तिखटमिठाच्या पुऱ्यासुद्धा लोकांनी आवाज न करता खाल्ल्या!

*

त्या दिवशी पांडा होता, पण आमच्याकडे पाठ करून. काळ्या-पांढऱ्या गोणीसारखा पडलेला. लोकांनी शुक शुक केलं, टाळ्या वाजवल्या. एकांनी तर "ए बाळा" अशी हाकही मारून पाहिली. एक गार्ड येऊन "प्लीज" म्हणून गेला.

सोलापूरच्या एक काकू कुंपणाला टेकून बराच वेळ बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "अर्धं जग ओलांडून आलो, तर हा पाठ करून झोपलाय. अगदी आमच्या ह्यांच्यासारखा!"

'हे' शेजारीच उभे होते. म्हणाले, "पण तो रोज तेच तेच खातो आणि एक शब्द बोलत नाही, ते बघ की!"

*

दुसऱ्या शनिवारी पुन्हा तेच. पांडा झोपलेला. आमच्यात एक रिटायर्ड डेप्युटी कलेक्टर होते. अशा लोकांची एक गंमत असते. खुर्ची जाऊन पंधरा वर्षं झाली तरी पाठ अजून तिला टेकलेलीच.

त्यांनी पाकिटातून लॅमिनेट केलेलं जुनं ओळखपत्र काढलं आणि तिथल्या कीपरबाईंसमोर धरलं.

"आय ॲम रिटायर्ड डेप्युटी कलेक्टर. काइंडली वेक हिम."

मला कुंपणाखालून पळून जावंसं वाटलं. कीपरबाईंनी मात्र कार्ड हातात घेतलं, दोन्ही बाजूंनी नीट वाचलं, अदबीनं परत दिलं आणि म्हणाल्या, "सर, आय डोन्ट थिंक ही नोज दॅट."

बसकडे परतताना साहेब माझ्यावर चिडले. "आपल्याकडे असं चालत नाही!"

"आपल्याकडे पांडाच नाही, काका."

*

दोन शनिवार गेले. उरले दोन. मी ठरवलं, नशिबावर सोडायचं नाही. मधल्या आठवड्यात, टूर नव्हती तेव्हा, एकटीनं बसनं वॉशिंग्टन गाठलं. मैत्रिणीच्या सोफ्यावर राहिले. मंगळवार, बुधवार आणि गुरुवार, तीन दिवस वही घेऊन पांडासमोर बसले. कॉलेजात सकाळच्या लेक्चरला एकदाही न गेलेली मी, झूचं गेट उघडायच्या आधी हजर!

वहीत लिहिलं : सकाळी खातो. साडेदहाच्या आसपास आडवा होतो. बारानंतर कधीतरी उठतो आणि पुन्हा खातो. तिन्ही दिवस हेच. म्हणजे लवकर पोचायचं, नाही तर थांबायचं. एवढं साधं गणित होतं!

बुधवारी बाबांचा फोन आला.

"कुठे आहेस?"

"पांडासमोर."

"कामाच्या दिवशी? काय करतेस तिथे?"

"तो झोपलाय. उठायची वाट बघतेय."

 बाबा म्हणाले, "आम्ही पण तेच करतोय, बाळा."

बाबांचा जोक मला पहिल्यांदाच आवडला. त्यांना सांगितलं नाही. उगाच चढून बसतील.

*

लवकर पोचायचं तर मध्ये चहाला थांबायचं फक्त दहा मिनिटं. आमच्या लोकांची दहा मिनिटं म्हणजे चाळीस. आधी रेस्टरूम, मग कॉफी, मग ती कॉफी घरच्यासारखी नाही यावर चर्चा, मग पुन्हा रेस्टरूम.

तिसऱ्या शनिवारी दहा मिनिटं संपून अकरावं लागलं. एक जोडपं अजून दुकानात फ्रिजवर लावायची मॅग्नेट निवडत होतं. मी कार्लोसला म्हटलं, "दार लाव. पार्किंगला एक चक्कर मार."

"सीरियसली?"

"सीरियसली."

बस हलली. काका-काकू दुकानातून बाहेर आले ते थेट धावतच! काकू पुढे, काका मागे, मॅग्नेट हातातच. त्यांना घ्यायला आम्ही वळून आलो, तोपर्यंत बसमधल्या सगळ्यांनी खिडकीतून त्यांचा व्हिडिओ काढला होता.

पुढच्या स्टॉपला अख्खी बस सहा मिनिटांत परत!

दिलीपकाकांचा फोन आलाच. "तू वडीलधाऱ्यांना पळवलंस?"

"हो. छान पळतात!"

त्या दिवशी आम्ही वेळेत पोचलो. पांडा मात्र आतल्या खोलीत होता. तपासणी होती म्हणे. माझ्या वहीत ते नव्हतं.

*

चौथा शनिवार.

दिलीपकाका पहिल्या सीटवर, इस्त्रीच्या शर्टात. लोकांना साडेपाचला बोलावलं होतं, लोक सव्वापाचला हजर. पळण्याचा व्हिडिओ सगळ्या जर्सीत फिरला होता! एकही स्टॉप लांबला नाही. आणि बाल्टिमोरजवळ कुठेतरी एक ट्रक आडवा झाला. सगळा रस्ता ठप्प. काका घड्याळाकडे बघत होते. तोंडावर हसू नव्हतं, पण होतं.

आम्ही पोचलो तेव्हा साडेअकरा वाजून गेले होते. पांडा आमच्याकडे पाठ करून झोपलेला.

"झालं तर मग," काका म्हणाले. "चला, म्युझियमला जाऊ."

"नाही," मी म्हटलं. "इथेच बसायचं."

"किती वेळ?"

"तो उठेपर्यंत."

"अगं, लोक कंटाळतील!"

"लोक आयुष्यभर सरकारी ऑफिसांत साहेबांची वाट बघत बसलेत, काका. त्यांना सवय आहे. बसा!"

काकांना असं कोणी बोलत नाही. ते बसले. त्यांच्यामागोमाग सगळे बसले, बाकांवर, कठड्यावर, घडीच्या स्टुलांवर. नागपूरच्या विद्यामावशी मंगळवारच्या विमानानं परत चालल्या होत्या. त्या बसल्याच नाहीत, कुंपणाशी उभ्या राहिल्या. "मी नातवाला सांगून आलेय, बघितल्याशिवाय येत नाही," म्हणाल्या.

लोक पहाटे साडेतीनला उठलेले. पोटात पुऱ्या. अंगावर ऊन. पावणेबारा झाले. बारा झाले. आधी बोलणं थांबलं, मग एकेक मान कलायला लागली. सव्वाबाराला एक अमेरिकन बाई लहान मुलीला घेऊन आली. मुलीनं आमची अख्खी रांग बघितली आणि विचारलं, "मॉम, आर दे ऑल स्लीपिंग?"

"शूऽऽ," आई म्हणाली. "लेट देम."

आणि पांडा उठला. वळला. मांडी घालून आमच्याकडे तोंड करून बसला आणि बांबू सोलायला लागला.

विद्यामावशींनी माझा दंड असा धरला की वळ उठला. मी ओठावर बोट ठेवून एकेकाला मनगटाला हात लावून उठवलं. एकही जण ओरडला नाही. कोणी टाळी वाजवली नाही. चाळीस मराठी माणसं एका जागी गप्प, हे मी त्याआधी कधी पाहिलं नव्हतं! बांबूचा कडाकडा आवाज तेवढा येत होता.

शेवटी दिलीपकाकांपाशी पोचले. शेजारच्या आजोबांच्या खांद्यावर डोकं, तोंड उघडं. मी हात पुढे केला. मग मागे घेतला.

परतीच्या बसमध्ये काका माइकवर आले. "मंडळी, गैरसोय झाली, माफ करा. मी हिला म्हटलंच होतं. तो झोपलेलाच असतो."

 मग विद्यामावशी उठल्या, सीट धरत धरत पुढे आल्या आणि त्यांनी स्वतःचा फोन काकांच्या हातात दिला. फोटोत मधोमध पांडा, सरळ बसलेला, तोंडात बांबू, डोळे टक्क उघडे. त्याच्यासमोर, बाकावर, काका.

काकांनी दोन बोटांनी फोटो मोठा केला. मग आणखी मोठा केला. नंतर मला विचारलं,

"हा तुझ्या बाबांना गेला का?"

"अजून नाही."

त्यांनी मावशींना फोन परत दिला, माइक बंद केला आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "नको पाठवूस. पुढच्या शनिवारच्या प्रवाशांची यादी पाठव मला."