सेनापतीच्या तोऱ्यात लिहिलेली चिठ्ठी

मी इतिहासाचा मास्तर. निवृत्त झालो तरी शिकवायची खोड जात नाही. घरी विद्यार्थी नाहीत, म्हणून बायकोला शिकवतो. मुलीच्या लग्नाला आठ दिवस उरले असताना मी तिला रोमन साम्राज्याशी लढलेल्या एका ज्यू पुढाऱ्याची गोष्ट सांगत होतो. लोक त्याला ताऱ्याचा मुलगा म्हणत.

"बंड पेटलंय, आणि हा गडी सणासाठी डहाळ्या मागवतो," मी म्हणालो. "त्या सणाला डहाळ्या हातात धरून प्रार्थना करतात, पाल्याच्या मांडवात जेवतात. म्हणून दोन गाढवं पाठवतो, लादून आणा म्हणतो. ती चिठ्ठी गुहेत सापडली, जवळपास दोन हजार वर्षांनी."

बायको तांदूळ निवडत होती. "त्याले समजलं," ती म्हणाली. "तुमाले नाई."

घाव वर्मी बसला. आमच्याकडे मांडवाच्या डहाळ्या आणायचा मान घरच्या जावयाचा. चार वर्षांपूर्वी, मुलाच्या लग्नात, मी शहाणपणा केला आणि गडचिरोलीहून कापडी मांडववाला बोलावला. माझे भाऊजी, थोरल्या बहिणीचे, म्हणजे आमच्या बाईचे यजमान, बैलगाडीभर जांभळीच्या डहाळ्या घेऊन दारात आले, तर वर गुलाबी झालर. त्यांनी तशीच गाडी वळवली आणि गेले. तेव्हापासून बाई माहेरी एकटीच येते, आणि आत शिरण्याआधी फाटकाशी थांबून रस्त्याकडे बघते. मला ते बघवत नाही.

माफी मागायला मला कधी जमलं नाही. हुकूम सोडायला जमतं, जन्मभर तेच केलं. तो पुढारी दुसऱ्या एका चिठ्ठीत आपल्याच माणसांना झापतो, की तुम्ही खाऊन-पिऊन मजेत बसता आणि भावांची फिकीर करत नाही. मी तोच तोरा उचलला. लिहिलं, 'भाऊजींस हुकूम. तुम्ही तिकडं मासोळीचा रस्सा ओरपता आणि इकडं मांडव उघडा आहे. मंगळवारी सकाळी गाडीभर डहाळ्या घेऊन हजर व्हा. कसूर झाल्यास पोरगी उन्हात उभी राहील.' चिठ्ठी त्यांच्या गावच्या बसच्या कंडक्टरजवळ दिली, आणि बस सुटल्यावर माझ्या ध्यानात आलं. आधीच रुसलेल्या माणसाला मी दम दिला होता.

"कापडवाल्याले सांगून ठेवू का?" बायकोनं विचारलं. मी नको म्हटलं.

मंगळवारी दहा वाजले तरी अंगणात नुसते बांबू उभे होते. मी येरझाऱ्या घालत होतो. मग वळणावर घुंगरं वाजली. गाडीत डहाळ्यांचा ढीग, ढिगावर बाई बसलेली. भाऊजी उतरले आणि खिशातून चिठ्ठी काढली.

"मास्तर, हे काय लिवलं? माफी मागून राह्यले का दम देऊन राह्यले?"

"माफीच आहे, भाऊजी. चुकलो."

"मंग तसं सांगाचं. चार वर्सं काऊन लावले?" चिठ्ठी त्यांनी नीट घडी घालून परत खिशात ठेवली. "धरा इकडून."

दुपारपर्यंत मांडव हिरवागार झाला. त्याच सावलीत पंगत बसली. त्या पुढाऱ्याचं बंड रोमनांनी चिरडलं, आणि त्याच्या डहाळ्या सणाआधी पोचल्या की नाही हे कुणालाच ठाऊक नाही. भाऊजींना मी ते सांगायला लागलो, तर बाईनं मला थांबवलं.

"त्याईले जेवू दे," ती म्हणाली. "चार वर्सानं बसले तुह्या घरी."