गोंदलेला हात

आमच्या ह्यांचं नाव कृष्णदेव. तोंडाने मी कधी घेत नाही, लिहायला हरकत नाही. आम्ही बेटावरच्या क्वात्र बॉर्न गावात राहायचो. हे सरकारी कचेरीत कारकून, आणि डोक्यात खूळ सिनेमाचं. जुना मुका कॅमेरा विकत आणला तेव्हा मी आठवडाभर अबोला धरला होता.

साठ सालच्या वादळाने फ्लाककडच्या ऊसमळ्यातल्या मजुरांच्या खोल्यांचे पत्रे उडवले. माझ्या सासूबाई, हिराबाई, तिथेच राहून मळ्यात राबायच्या. आमच्याकडे या म्हटलं तर ऐकायच्या नाहीत. वर्ष उलटलं तरी डोक्यावर गोणपाटच. ह्यांनी ठरवलं, याची फिल्म काढायची आणि सरकारी साहेबांना दाखवायची.

"माझा तोंड नको दाखवू रे," सासूबाई म्हणाल्या. "सरदार वळखल. मंग खोली गेली."

मळ्याविरुद्ध ब्र काढणाऱ्याचं बिऱ्हाड सरदार, म्हणजे मळ्याचा मुकादम, बाहेर काढायचा, हे सगळ्यांना ठाऊक होतं. म्हणून ह्यांनी फक्त त्यांचे हात घेतले: जमिनीवरचं पाणी उपसणारे, चुलीत ओली लाकडं सारणारे. फिल्म धुऊन आली. घरच्या भिंतीवर बशीएवढी पाडून आम्ही ती दहादा पाहिली. चेहरा कुठेच नव्हता. मी निर्धास्त झाले.

शनिवारी दुपारी मळ्याशेजारच्या गावच्या शाळेत खिडक्या झाकून, चादर टांगून खेळ झाला. पुढे साहेब, शेजारी मळ्याचा गोरा मॅनेजर, त्यामागे सरदार सुरेंद्र, आमच्यातलाच मराठी. सासूबाई हट्टाने आल्या आणि शेवटच्या बाकावर माझ्याजवळ बसल्या.

चादरीवर हात उमटला, दरवाजाएवढा. मनगटावर गोंदलेलं तुळशीवृंदावन, त्याची डावी रेघ अर्धी. लहानपणी गोंदताना सासूबाईंनी रडून हात ओढून घेतला होता. इतक्या वर्षांच्या ओळखीचं ते गोंदण आम्हा दोघांनाही घरच्या बशीएवढ्या चित्रात दिसलंच नव्हतं. आणि हाच हात रोज सकाळी सरदारापुढे हजेरीला वर व्हायचा.

सासूबाईंनी हात पदराखाली घेतला. मशीनजवळ ह्यांनी बटणाकडे हात नेला आणि मागे घेतला. मध्येच थांबवावं तर संशय येणार.

खिडक्या उघडल्या. मॅनेजरने मागे वळून बेटावरच्या क्रेओल बोलीत विचारलं, "हा हात कोणाचा?"

सुरेंद्रने थेट आमच्या बाकाकडे पाहिलं. त्याने ओळखलं होतं. मला वाटलं, संपलं. म्हातारीचं बोचकं आजच रस्त्यावर.

"मो मामा सो लामे, मिस्ये," तो मॅनेजरला म्हणाला. माझ्या आईचा हात.

"कुठे असते ती?" साहेबांनी विचारलं.

"त्याच खोल्यांत होती. भिजून ताप भरला, त्यातच गेली."

साहेब लिहून घेऊ लागले. सुरेंद्रची आई खरंच तशी गेली होती, पण ह्यांनी ही फिल्म काढायच्या कितीतरी आधी.

बाहेर पडताना तो आमच्याजवळून गेला. सासूबाईंनी त्याच्या डोक्यावर ठेवायला हात बाहेर काढला.

"झाक, मावशी," मॅनेजरकडे बघत तो पुटपुटला. "मिस्ये दारातच हाय."