आईला हाकलणारा नोबिला

नोबिलानं आयुष्यात एकाच सिनेमात काम केलं, पण ते इतकं चांगलं केलं की बिचाऱ्याची वाट लागली. आईला चेटकीण ठरवून गावाबाहेर हाकलणारा मुलगा झाला होता तो. वागादुगू शहरातल्या उघड्या थेटरात बायकांनी पडद्याला चपला फेकून मारल्या. दुसऱ्या दिवशी हा चवळीची भजी आणायला गेला, तर भजीवालीनं झारा उगारला.

"आधी आईला घरात घे, मेल्या, मग खायला ये!"

"मावशी, आई घरीच आहे. तिनंच पाठवलंय."

"बघा, खोटं बोलायचीही लाज नाही!"

आई तरी कुठं कमी होती! जरा वाजलं की दारात येऊन ओरडायची, "हाकल, हाकल! सवय आहेच तुला!" सगळी गल्ली खिदळायची.

पुढं कुणी काम देईना. दुसरं तोंड आणणार कुठून? मग जिथं तोंड दिसत नाही ते काम तो शिकला, कॅमेऱ्याचं. वर्षानुवर्षं वायरी गुंडाळल्या, पेट्या वाहिल्या, तेव्हा कुठं हामादू दिग्दर्शकानं एका सिनेमाचा कॅमेरा त्याच्या एकट्याच्या हाती दिला. आणि सिनेमा कुणाचा, तर खरोखरीच हाकललेल्या बायकांचा. शहराच्या कडेला एका आश्रयघरात त्या सूत कातत बसलेल्या असायच्या.

नोबिला आत शिरला आणि टकळ्या थांबल्या.

"हाच तो! आईला हाकलणारा!"

"आज्यांनो, तो सिनेमा होता," हामादू म्हणाला.

"मग आमचाही सिनेमाच झाला का रे?" एकीनं विचारलं, आणि सगळ्या पाठ फिरवून बसल्या.

हामादूनं नोबिलाला बाजूला घेतलं. "संध्याकाळपर्यंत बघतो. नाहीतर उद्या दुसरा माणूस आणावा लागेल. वाईट वाटून घेऊ नकोस."

तेवढ्यात तालातो म्हातारी उठली. तिला तिच्या मुलानं बाजाराला जाऊ म्हणून मोपेडवर बसवलं होतं आणि इथं आणून सोडलं होतं.

"माझा पोरगा काही येत नाही. तू आलायस. टेक गुडघे. म्हण, आई, मी तुला हाकललं, माझं चुकलं."

नोबिलानं हामादूकडं पाहिलं. हामादू आपल्या चपला बघत होता. नोबिला धुळीत गुडघ्यांवर बसला आणि म्हणाला. मनापासून म्हणाला.

तालातोनं कानाखाली वाजवली. "नाही करत माफ."

मग बाकीच्यांनी रांग लावली. कुणी थुंकली, कुणी कान पिळला. एकीनं नुसतं विचारलं, "नातवंडं कशी आहेत रे?" नोबिलाचं तर लग्नही झालेलं नव्हतं.

"मोठी झालीत. शाळेत जातात," तो म्हणाला.

सगळ्यांचं उरकल्यावर बायका टकळ्या घेऊन बसल्या, आता तोंडं इकडं करून. नोबिलानं सुजल्या गालाला कॅमेरा लावला. तालातोनं डोक्याचं फडकं नीट बांधलं आणि विचारलं, "उद्याही येणार ना हा?"

"हो आजी. का?" हामादू म्हणाला.

"बिबाता आजारी आहे, आत पडलीय. तिचं मारायचं राहिलंय."