भाता आणि रॅगटाइम

निवृत्तीनंतर मी बीदरला पियानो शिकू लागलो, हे सांगताना अजूनही संकोच वाटतो. पियानो म्हणजे खरे तर की-बोर्ड. शिकवणाऱ्या बाई रविवारी चर्चमध्ये वाजवत आणि इतर दिवशी घरी शिकवण्या घेत. बाकीचे विद्यार्थी शाळकरी होते. त्यांची प्रगती माझ्यापेक्षा बरी होती.

मला शिकायचा होता तो रॅगटाइम, पियानोवर वाजवायचा एक जुना अमेरिकन प्रकार. मोबाइलवर तो योगायोगाने कानावर पडला आणि वाचनाच्या जुन्या सवयीने मी त्याविषयी वाचत सुटलो. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेतील कृष्णवर्णीय वादकांनी तो घडवला. गुलामगिरी संपून एक पिढी उलटली होती. गुत्त्यांत आणि नाचघरांत पियानो मालकाचा असे, बोटे या वादकांची. त्यांनी लष्करी कवायतीच्या संगीतातला ठाम ठेका डाव्या हाताकडे सोपवला: खाली एक जड स्वर, वर एक हलका स्वरमेळ, पुन्हा खाली, पुन्हा वर. उजवा हात मात्र त्या ठेक्यावर सरळ पाऊल टाकत नाही. किंचित आधी येतो किंवा किंचित मागे रेंगाळतो, आणि जोर नको त्या जागी देतो. रॅग म्हणजे चिंधी; फाटक्या, विरलेल्या लयीचे संगीत, असे त्याचे नाव त्यावरूनच पडले असे मानतात. ते रीतसर लिहिलेले असते आणि घाईने वाजवू नये, असा जाणत्यांचा आग्रह आहे.

माझी अडचण डाव्या हाताची होती. भालकीकडच्या आमच्या गावी, मेहकरला, आमची भीमगीतांची गायनपार्टी होती. थोरले बंधू, म्हणजे अण्णा, गात आणि मी पेटी वाजवी. पेटीत सूर उजव्या हाताचे. डाव्याने फक्त भाता मारायचा. त्याआधी अण्णांनी मला ढोलकी देऊन पाहिली होती आणि मी मात्रेच्या आधीच पडतो म्हणून काढून घेतली होती. मी तालाला कच्चा, हे त्यांचे मत तेव्हापासून कायम आहे. ज्या संगीतात मात्रा चुकवणे हीच विद्या आहे, ते एकदा त्यांच्यापुढे वाजवावे आणि ते मत बदलावे, एवढीच माझी इच्छा होती.

बाईंच्या विद्यार्थ्यांचा कार्यक्रम ठरला, तेव्हा मी अण्णांना गावाहून फोन करून बोलावले.

"कोन्या लोकाचं हाय हे?" त्यांनी विचारले. मी इतिहास सांगितला.

"मग आपल्यातलेच म्हण की. पन ताल कामून मोडतेत?"

"मोडत न्हाईत, अण्णा. डावा हात ताल धरतो, उजवा त्याच्यासंगं खेळतो."

"तुला सरळ जमंना. वाकडं कसं जमायचं?"

कार्यक्रमात दोन ओळी ठीक गेल्या. तिसऱ्या ओळीला माझा डावा हात उठला, की-बोर्डच्या मागच्या बाजूला गेला आणि भाता मारू लागला. तिथे भाता नव्हता, वायर होती. उजवा हात थांबला नाही, कारण त्याला थांबणे शिकवलेले नव्हते. ठेका निघून गेल्यावर उरले ते अगदी अण्णा म्हणत तसेच: मात्रेच्या आधी पडणारा एक माणूस.

तेवढ्यात पहिल्या रांगेतून टाळी आली. अण्णा ताठ बसून, घराण्याची अब्रू सांभाळावी तशा गंभीरपणे, ताल धरत होते. त्यांनी आजूबाजूला पाहिले, तसे पालकही टाळ्या देऊ लागले. त्या टाळ्यांवर माझा उजवा हात आधी-मागे पडत राहिला आणि प्रथमच तो रॅगटाइमसारखा ऐकू आला. डावा हात अखेरपर्यंत भात्यावर होता.

"छान झालं, सर," बाई म्हणाल्या आणि माझ्या डाव्या हाताकडे पाहत मागची वायर नीट करू लागल्या.

की-बोर्ड घेऊन मी अण्णांसोबत मेहकरला निघालो. बसमध्ये ते म्हणाले, "तू चुकायलास म्हणून मी ताल धरलो. नसता गेलतास."

"व्हय, अण्णा."

बराच वेळ ते पुढच्या सीटच्या दांडीवर बोटे वाजवत होते.

"मधी मधी मागं राहायलास, ते मुद्दाम का?"

"मुद्दाम."

त्यांची मान हलली. भालकीच्या रस्त्यावर बसमध्ये सगळ्यांच्याच माना हलतात, त्यामुळे निश्चित काही सांगता येत नाही.

"घरी गेल्यावर परत वाजव," ते म्हणाले. "ताल मी धरतो. डावा हात राहू दे तुझा."